माफी देण्याचा हक कुणाचा?

रस्त्यावर अपघात झाला, कुणाचा पाय गेला, कुणाच्या घरचा कमावता माणूस गेला, की आमच्या मोहल्ल्यांत दोन वाक्ये हमखास ऐकू येतात. पहिले, ‘अल्लाह की मर्जी.’ दुसरे, ‘आपस में निपटा लो.’ पहिले वाक्य ईमानाचे आहे आणि त्याबद्दल आमचे काहीच म्हणणे नाही. दुसरे व्यवहाराचे आहे. अडचण अशी, की ही दोन्ही वाक्ये एकाच दमात उच्चारली जातात. मग पहिल्याची झूल दुसऱ्याच्या अंगावर पडते आणि साध्या तडजोडीलाही सब्र आणि तवक्कुल यांचा मान मिळून जातो.

अमरावती-अकोल्याच्या मुस्लिम वस्त्यांत ट्रक, ऑटो, टेम्पो चालवणाऱ्यांची संख्या मोठी आहे. हमाली करणारे, हातगाडी लावणारे, सायकलीवर फेरी मारणारेही त्याच वस्त्यांत राहतात. म्हणजे धडक देणारा आणि धडक बसणारा हे पुष्कळदा एकाच मशिदीत नमाज पढणारे असतात. म्हणूनच अपघाताची भरपाई हा विषय केवळ वकिलांवर सोडून देण्यासारखा नाही. तो आमच्या नीतीचा विषय आहे. प्रश्न असा आहे, की ज्याचे नुकसान झाले त्याच्या वतीने माफी देण्याचा हक कुणाला आहे? चार वडीलधाऱ्यांना? मयताच्या भावाला? की कुणालाच नाही?

आधी एका भावनेचा आदर करून मग पुढे जाऊ. आमच्या अनेक घरांत भरपाईच्या पैशाला ‘खून का पैसा’ म्हणतात. मुलाच्या मृत्यूनंतर हातात धनादेश घेताना आईचे हात थरथरतात. या पैशाचे अन्न गळ्याखाली कसे उतरायचे, असे ती विचारते. ही भावना खोटी नाही. आपला माणूस विकला गेला, त्याची बोली लागली, असे तिला वाटते. पण ही भावना शरीयतची आहे असे जर कुणी सांगत असेल, तर त्याने थोडे थांबून वाचावे.

कुरआनच्या सूरह निसामधील ९२ वी आयत चुकून झालेल्या मृत्यूविषयी आहे. तिचा आशय थोडक्यात असा, की चुकून कुणाचा जीव गेला तर ज्याच्या हातून तो गेला त्याने अल्लाहपुढे कफ्फारा द्यावा आणि मयताच्या वारसांना दियत द्यावी. वारसांनी ती स्वतःहून सोडून दिली तर गोष्ट वेगळी. या एका हुकमात दोन देणी आहेत. एक अल्लाहचे, दुसरे माणसांचे. ‘ही अल्लाहची मर्जी होती’ असे म्हटल्याने दुसरे देणे फिटत नाही. मृत्यू तकदीरने आला हे मान्य केल्यावरही दियत द्यायचीच आहे. म्हणजे सब्र आणि हक यांचे भांडण आम्ही लावले आहे, दीनने लावलेले नाही. आणि माफी? ती आहेच, तिला मोठा सवाबही आहे. पण ती देण्याचा अधिकार वारसांचा आहे. मोहल्ल्याचा नाही, बिरादरीचा नाही.

वारसांत नाबालिग मुले असतील तर? फिक्हने येथे फार काटेकोर भूमिका घेतली आहे. यतीमच्या मालमत्तेचा वली तिचा राखणदार असतो. तिचे निव्वळ नुकसान करणारा व्यवहार त्याला करता येत नाही. ती तो कुणाला बक्षीस देऊ शकत नाही. मग सहा वर्षांच्या मुलीच्या वाट्याची रक्कम तिचा काका ‘जाने दो भाई, अपना ही आदमी है’ असे म्हणून सोडून देतो, तेव्हा तो औदार्य दाखवतो की दुसऱ्याच्या खिशातून दान करतो? यतीमचा माल खाण्याबद्दल कुरआनची ताकीद किती कडक आहे हे आमच्या वाचकांना सांगायला नको. पण यतीमचा माल दुसऱ्याला सोडून देणे हेसुद्धा त्याच ताकिदीच्या शेजारचे आहे, याकडे आमचे लक्ष जात नाही.

आम्ही उर्दू माध्यमाच्या शाळेत शिकवतो. आमच्या सातवीच्या वर्गातल्या एका मुलाचे वडील फळांची गाडी लावत. संध्याकाळी गाडी ढकलत घरी येत असताना मागून टेम्पोने उडवले. दवाखान्यात दोन दिवस काढून ते वारले. टेम्पोवाला ओळखीतलाच होता. तीजाच्या दिवशी फातेहा झाली आणि त्याच बैठकीत चार बुजुर्गांनी चाळीस हजार रुपयांत मामला मिटवला. शंभराच्या स्टॅम्पपेपरवर मयताच्या भावाने सही केली, बेवा आतल्या खोलीत होती. तिला कुणी विचारले नाही. चाळीस हजारांतले बरेचसे दवाखान्याच्या उधारीत गेले. आठवीत त्या मुलाचे नाव पटावर राहिले, मुलगा मात्र गॅरेजवर गेला. टेम्पोचा विमा चालू होता हे पुढे कळले. म्हणजे बुजुर्गांना वाटले आपण एका गरीब ड्रायव्हरला वाचवले. प्रत्यक्षात वाचली ती विमा कंपनी. माफी ड्रायव्हरच्या नावाने दिली गेली, नफा कंपनीच्या खात्यात जमा झाला.

आता कायद्याच्या हिशोबाने त्या घराचा हक किती होत होता ते पाहू. मोटार वाहन कायदा १९८८ चा. त्याआधीचा १९३९ चा. या कायद्याखाली मोटार अपघात दावा न्यायाधिकरण नेमलेले असते आणि ‘न्याय्य’ वाटेल ती भरपाई त्याने ठरवावी असे कायदा म्हणतो. न्याय्य म्हणजे काय, याला सर्वोच्च न्यायालयाने २००९ आणि २०१७ मधील दोन निकालांनी एक ठरीव रीत दिली. समजा माणूस तीस वर्षांचा आहे, महिन्याला बारा हजार कमावतो, घरी बायको, दोन मुले आणि म्हातारी आई. वर्षाचे झाले १ लाख ४४ हजार. स्वतःचा धंदा करणारा आणि चाळिशीच्या आतला म्हणून पुढे वाढणाऱ्या कमाईचे ४० टक्के मिळवायचे. झाले २ लाख १ हजार ६००. त्याच्या स्वतःच्या खर्चाचा चौथा हिस्सा वजा करायचा. उरले १ लाख ५१ हजार २००. या वयाला गुणक १७. गुणाकार २५ लाख ७० हजार ४००. शिवाय पत्नीच्या सहवासाचे नुकसान, दफनविधीचा खर्च वगैरे ठरावीक रकमा वेगळ्या. पंचवीस लाखांच्या वरचा हा हक आणि चाळीस हजारांचा तो स्टॅम्पपेपर, या दोन आकड्यांमध्ये एका मुलाची शाळा होती.

येथे एक खरा नैतिक प्रश्न उभा राहतो आणि तो टाळून चालणार नाही. वरच्या हिशोबात बारा हजारांच्या जागी शहाण्णव हजार घातले तर भरपाई आठपट होते. म्हणजे एकाच रस्त्यावर, एकाच धडकेत गेलेल्या दोन माणसांपैकी एकाचा जीव आठपट महाग? अल्लाहच्या नजरेत सगळे बंदे बरोबर, असे आम्ही मुलांना शिकवतो. दियतचा हिशोबही तसाच होता. शंभर उंट किंवा एक हजार दीनार. मयत व्यापारी असो की मजूर, आकडा एकच. त्या मानाने आजचा कायदा दुकानदारासारखा वाटतो, माणसाला कमाईच्या तराजूत घालणारा.

पण तराजू दोन्हीकडून पाहिला पाहिजे. जुन्या फिक्हात स्त्रीची दियत पुरुषाच्या निम्मी धरली गेली, हेही आम्हाला प्रामाणिकपणे सांगावे लागेल. आजच्या कायद्यानेही स्त्रीला सुरुवातीला न्याय दिला नाही. १९९४ मध्ये कायद्याला जोडलेल्या परिशिष्टात न कमावणाऱ्या माणसाचे उत्पन्न वर्षाला १५ हजार रुपये मानले होते आणि घर सांभाळणाऱ्या बायकोचे, नवऱ्याच्या कमाईच्या एकतृतीयांश. पहाटे उठून रात्री झोपेपर्यंत राबणारी बाई कायद्याच्या भाषेत ‘न कमावणारी’! जमशेदपूरच्या आगीत गेलेल्या गृहिणींच्या संदर्भात २००१ साली सर्वोच्च न्यायालयाने त्यांच्या कामाचे मोल महिन्याला ३ हजार धरले. २०२१ च्या जानेवारीतील एका निकालात तर न्यायालयाने स्पष्ट म्हटले, की गृहिणीच्या श्रमाला उत्पन्न मानणे ही त्या श्रमाची दखल आहे. ते परिशिष्टही २०१९ च्या दुरुस्तीत काढून टाकण्यात आले. म्हणजे कायदा चुकत चुकत का होईना, पुढे सरकतो आहे.

आमच्या मते येथे दोन गोष्टींची गल्लत होते. माणसाची इज्जत ही एक गोष्ट. ती सर्वांची सारखी आणि तिचा भाव कोणतेही न्यायाधिकरण ठरवू शकत नाही. त्या माणसाच्या जाण्याने घरात पडलेला खड्डा ही दुसरी गोष्ट. खड्डे सारखे नसतात. कुणाच्या मागे चार तोंडे, कुणाच्या मागे एक. भरपाई खड्ड्याची असते. ती घेताना आई आपला मुलगा विकत नाही, त्याने ज्यांचा भार उचलला होता त्यांचा भार उचलायला ती जबाबदाराला लावते. असे पाहिले तर ‘खून का पैसा’ हा शब्दच चुकीचा ठरतो. तो मयताच्या रोजीचा पैसा आहे, आणि त्यावर त्याच्या मुलांचा हक आहे. तरीही सर्वांना सारखा असा किमान आकडा हवाच, आणि आता तो आहे. १ एप्रिल २०२२ पासून लागू झालेल्या तरतुदीप्रमाणे कुणाची चूक होती हे सिद्ध न करताही मृत्यूसाठी ५ लाख आणि गंभीर दुखापतीसाठी अडीच लाख मागता येतात. दियतचा समान आकडा आणि खड्ड्याचा वेगवेगळा हिशोब, दोन्ही आज एकाच कायद्यात शेजारी शेजारी बसले आहेत.

मेलेल्यांपेक्षा जखमींचा प्रश्न अधिक अवघड. मयतासाठी लोक जमतात, जखमीसाठी आठवडाभर येतात आणि मग विसरतात. फिक्हात अवयवांच्या भरपाईला ‘अर्श’ म्हणतात. एका हाताची अर्श पूर्ण दियतच्या निम्मी, एका बोटाची दहावा हिस्सा, असे ठरलेले. त्या काळी हा मोठा न्याय होता, कारण त्याने बदल्याची साखळी तोडली. पण उजवा हात गेलेला सुतार आणि उजवा हात गेलेला कारकून यांचे नुकसान एकच म्हणावे का? सर्वोच्च न्यायालयाने २०१० च्या एका निकालात हाच मुद्दा उलगडला. डॉक्टरच्या दाखल्यावर अपंगत्वाची टक्केवारी असते ती शरीराची. न्यायाधिकरणाने पाहायचे ते हे, की त्या माणसाच्या त्याच कामात कमावण्याची ताकद किती गेली. ड्रायव्हरचा किंवा सुताराचा हात गेला तर त्याची कमाई जवळजवळ पूर्ण जाऊ शकते, बसून काम करणाऱ्याची तितकी जात नाही. आमच्या वस्त्यांतली बहुतेक माणसे हातापायांवर जगतात. चाळीस टक्क्यांचा दाखला मिळाला म्हणून चाळीस टक्केच नुकसान, असे समजून गप्प बसणारे जखमी आम्ही पाहतो. त्यांना ही एक गोष्ट माहीत असायला हवी.

आता दुसऱ्या बाजूला वळू, कारण स्टिअरिंगवरही आम्हीच असतो. फिक्हात चुकून झालेल्या मृत्यूची दियत एकट्या गुन्हेगारावर टाकलेली नाही. ती त्याच्या ‘आकिला’ने, म्हणजे त्याच्या जमातीने मिळून भरायची. हजरत उमर (रजि.) यांच्या काळात दीवानच्या नोंदीत बरोबर असलेल्यांवरही ही जबाबदारी आली, म्हणजे नात्याच्या पलीकडे गेली. चूक एकाची, पण भरपाई सर्वांनी थोडी थोडी, म्हणजे ती देणाराही बुडत नाही आणि घेणाराही उपाशी राहत नाही. सक्तीचा थर्ड पार्टी विमा पाहिला तर त्यामागेही हीच कल्पना दिसते. भारतात तो १९४६ पासून सक्तीचा आहे. विमा जायज की नाजायज हा वाद उलेमांचा आहे, तो सोडवण्याची आमची पात्रता नाही. पण एवढे मात्र दिसते, की थर्ड पार्टी विम्याचा फायदा गाडीमालकाला मिळत नाही, तो रस्त्यावर पडलेल्या परक्या माणसाला मिळतो.

म्हणून ज्याच्या ऑटोचा, टेम्पोचा विमा संपून सहा महिने झाले आहेत आणि जो पोलीस दिसला की गल्लीत वळतो, त्याने फक्त सरकारचा नियम मोडलेला नाही. उद्या त्याच्या चाकाखाली येणाऱ्या माणसाचा हक त्याने आजच बुडवला आहे. न्यायाधिकरणाने वीस लाखांचा निकाल दिला तरी तो कुणाकडून वसूल करायचा? तीन खोल्यांच्या घरातून? तीच गोष्ट मालवाहू गाडीतून बारात नेण्याची. आमच्याकडे लग्नाच्या दिवसांत टेम्पोत गालिचा अंथरून बायका-मुलांना बसवतात. मालवाहू गाडीत फुकट बसवलेल्या प्रवाशांची जबाबदारी विमा कंपनीवर येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्येच सांगितले आहे. हे किती वरबापांना माहीत असते?

आणखी एक गल्लत मदत आणि हक यांची. १ जुलै २०२३ च्या रात्री समृद्धी महामार्गावर सिंदखेडराजाजवळ नागपूरहून पुण्याला जाणारी खासगी बस पेटली आणि २५ माणसे जळून गेली. सरकारने मृतांच्या नातलगांना ५ लाख आणि पंतप्रधान निधीतून २ लाख जाहीर केले. असे पैसे आले की लोकांना वाटते भरपाई मिळाली. तसे नाही. ती सानुग्रह मदत, म्हणजे मेहेरबानी. ती अपघाताची बातमी किती मोठी आहे यावर मिळते. बोरगाव मंजूजवळ रात्री सायकलवाला एकटा मेला तर त्याच्यासाठी कुणी काही जाहीर करत नाही. पण न्यायाधिकरणापुढे त्याचा हक बसमधल्या प्रवाशाइतकाच आहे. धडक देऊन पळालेली गाडी सापडलीच नाही, तरी मृत्यूसाठी २ लाख आणि गंभीर जखमेसाठी ५० हजार मिळण्याची तरतूद आहे. तो अर्ज उपविभागीय अधिकारी किंवा तहसीलदाराकडे करायचा असतो. मेहेरबानीची वाट पाहणारे आणि हक न मागणारे, अशी आमची स्थिती आहे.

हक मागायलाही मुदत आहे. २०२२ पासून लागू झालेल्या नियमाप्रमाणे अपघातापासून सहा महिन्यांत दावा दाखल करावा लागतो. ही मुदत योग्य की अयोग्य हा वाद सर्वोच्च न्यायालयात गेला आहे, पण शहाण्याने सहा महिनेच धरून चालावे. आता बेवाच्या इद्दतीचा हिशोब करा. चार महिने दहा दिवस. ती घराबाहेर पडते तेव्हा हातात जेमतेम दीड महिना उरतो. दिवसा गरजेपुरते बाहेर पडण्याची मुभा हनफी फिक्हातही आहे, आणि वकीलपत्रावर सही तर घरी बसूनही होते. पण हे तिला सांगणार कोण? दावा ती जिथे राहते तिथल्या न्यायाधिकरणातही करता येतो, अपघात पुण्याकडे झाला म्हणून पुण्याला जायला नको, हे तरी कोण सांगणार?

दावा दाखल झाला तरी तो वर्षानुवर्षे चालतो, ही तक्रार खरी आहे. जून २०२२ मध्ये आमच्याच अमरावती-अकोला महामार्गावर लोणी ते माना या पट्ट्यात ७५ किलोमीटर एकेरी मार्गिकेचे डांबरीकरण १०५ तास ३३ मिनिटांत झाले. गिनीज बुकात नोंद झाली, आम्हालाही अभिमान वाटला. आता त्याच रस्त्यावर पडलेल्या माणसाच्या कागदाने असा वेग कधी घेतला आहे का, असा प्रश्न मनात येतो. पोलिसांनी पहिला अहवाल ४८ तासांत आणि सविस्तर अहवाल ९० दिवसांत न्यायाधिकरणाला द्यावा असा नियम आता आहे. पण जिथे तीजाच्या दिवशीच मामला मिटतो आणि तक्रारच होत नाही, तिथे नियम बिचारा काय करील? शिवाय बुजुर्गांनी एक समजून घ्यावे. निष्काळजीपणाने झालेल्या मृत्यूचा गुन्हा कायद्याने तडजोडीस पात्रच नाही. तो स्टॅम्पपेपर ड्रायव्हरला खटल्यातून सोडवत नाही. मग त्या कागदाने कुणाचे भले केले?

जमातने यात पडूच नये असे आमचे म्हणणे नाही. उलट तिने अधिक पडावे, पण वेगळ्या कामासाठी. जखमीला दवाखान्यात पोचवावे. मे २०२५ पासून अपघातग्रस्तासाठी सात दिवसांपर्यंत दीड लाखाच्या मर्यादेत विनारोकड उपचारांची केंद्राची योजना आहे, तिची दवाखान्यात विचारणा करावी. पंचनामा होतो की नाही ते पाहावे. गाडीचा नंबर, विम्याचा कागद, कमाईचा पुरावा गोळा करावा. बेवाच्या दारात जाऊन तिचा हक किती हे तिला समजेल अशा बोलीत सांगावे. नाबालिगांच्या वाट्याची रक्कम न्यायाधिकरण बँकेत मुदत ठेवीत ठेवते, ती त्यांच्या वयात येईपर्यंत तशीच राहील याकडे लक्ष द्यावे. काका-मामांचा डोळा त्या ठेवीवर असतो, हे जमातला आमच्यापेक्षा चांगले माहीत आहे.

आणि हे सगळे झाल्यावर कुणा वारसाला माफ करावेसे वाटले, तर त्याने जरूर करावे. तो आकिल असावा, बालिग असावा, आपला हक किती होता हे त्याला माहीत असावे, आणि त्याने फक्त आपल्या वाट्यापुरतेच माफ करावे. ज्याला आपण काय सोडतो आहोत हेच ठाऊक नाही, त्याच्या सहीला आम्ही माफी म्हणत नाही. ती सही घेणारे चार बुजुर्ग त्या रात्री तहज्जुदला उठत असतील, तर त्यांनी दुआत त्या मुलांची नावेही घ्यावीत, ज्यांचा वाटा त्यांनी दिवसा सोडून दिला.